आडनावाचे वतन अजून खालसा झालेले नाही

बाळाच्या बारशासाठी छापल्या जाणाऱ्या नामकोशांना मराठी पुस्तकबाजारात मंदी ठाऊक नाही. संस्कृत कोशांतून उपटलेली, पुष्कळदा खुद्द आजीलाही उच्चारता न येणारी नावे आणि त्यांच्यासमोर त्यांचे अर्थ: कमळासारखे नेत्र असलेली, इंद्राला जिंकणारा, पहाटेचा पहिला किरण. मध्यमवर्ग हे अर्थ चवीने वाचतो आणि घरात संस्कृतीची पुनःस्थापना झाल्याचे समाधान मानतो. नावाचा अर्थ शब्दकोशात सापडतो, अशी समजूत या साऱ्या व्यवहाराच्या बुडाशी आहे. ती भाबडी आहेच, पण त्याहून अधिक सोयीची आहे. नाव कोणी दिले, धारण करणाऱ्याला ते नाकारता येत होते की नाही आणि नोकरीच्या बाजारात त्याला काय भाव येतो, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर शब्दकोश देत नाही. आणि ते मिळू नये अशीच पुष्कळांची इच्छा असते.

मनुस्मृतीने निदान आडपडदा ठेवलेला नाही. ब्राह्मणाचे नाव मंगलवाचक असावे, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे जुगुप्सा उत्पन्न करणारे, असा दंडक तिच्या दुसऱ्या अध्यायात घातलेला आहे. म्हणजे जन्मानंतर दहाव्या किंवा बाराव्या दिवशी, अजून मान न धरलेल्या मुलाच्या कपाळी श्रमविभागणीतील त्याची जागा लिहून मोकळे व्हायचे. त्याच ग्रंथाच्या तिसऱ्या अध्यायात नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी यांची नावे धारण करणाऱ्या मुलीशी विवाह करू नये असेही सांगितले आहे. हा नियम पाळला गेला असता तर महाराष्ट्रातील किती रोहिणी, तुळसा, गोदावरी आणि मैना जन्मभर माहेरीच राहिल्या असत्या! ते कलम वरिष्ठ जातींनीही निमूटपणे गुंडाळून ठेवले, कारण ते अडचणीचे होते. शूद्राच्या नावाचे कलम मात्र गुंडाळले गेले नाही. धर्मग्रंथाच्या कोणत्या आज्ञा टिकतात आणि कोणत्या विरतात हे श्रद्धेवर ठरत नाही, हितसंबंधांवर ठरते, याचे इतके सोपे उदाहरण दुसरे मिळणे कठीण.

यावर एक आक्षेप घेतला जाईल आणि तो खोटा नाही. मुले जगत नसत अशा काळात दृष्ट लागू नये, मृत्यूने ढुंकून पाहू नये, म्हणून मुलाला धोंडू, दगडू, केरू, भिकाजी असे मुद्दाम ओबडधोबड नाव ठेवण्याची रीत सर्वच जातींत होती. अधिक मासाला धोंड्याचा महिना म्हणतात. त्या महिन्यात जन्मलेल्यालाही ते नाव मिळे. स्त्रीशिक्षणाचे महर्षी आणि १९५८ चे भारतरत्न कर्वे यांचे नाव धोंडो केशव असेच होते. तेव्हा या नावांतील प्रत्येक नाव मनूने लादले असे म्हणणे इतिहासाला धरून होणार नाही. पण प्रश्न तेथे संपत नाही, तेथे सुरू होतो. एका आळीतला धोंडू मिसरूड फुटताच धोंडोपंत होतो आणि दुसऱ्या आळीतला धोंडू नातवंडे झाल्यावरही धोंड्याच राहतो. त्याला धोंड्या म्हणून हाक मारणारे पोर त्याच्या नातवाच्या वयाचे असते आणि त्याने 'जी' म्हणून ओ द्यायची असते. शब्द एकच, व्युत्पत्ती एकच, कोशातला अर्थही एकच. तरीही ती दोन नावे आहेत, आणि त्यांतील अंतर जमिनीच्या मालकीइतके आहे.

असा प्रत्यय लावण्याची कला केवळ मराठी गावगाड्यालाच साधलेली होती असे नाही. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत गोऱ्या माणसाला 'मिस्टर' आणि गोऱ्या स्त्रीला 'मिस' किंवा 'मिसेस' म्हणायचे व काळ्यांना वयाचा मुलाहिजा न ठेवता नुसत्या पहिल्या नावाने हाक मारायची, ही न्यायालयांचीदेखील शिस्त होती. अलाबामा राज्यात १९६३ साली मेरी हॅमिल्टन ही नागरी हक्कांच्या चळवळीतील कार्यकर्ती साक्षीसाठी उभी राहिली. सरकारी वकिलाने तिला 'मेरी' म्हणून प्रश्न विचारला. 'मिस हॅमिल्टन' म्हटल्याशिवाय उत्तर देणार नाही, असे तिने सांगितले. न्यायाधीशाने अवमानाबद्दल तिला पाच दिवसांची कैद आणि पन्नास डॉलर दंड ठोठावला. १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने ती शिक्षा रद्द केली. एवढ्या क्षुल्लक गोष्टीसाठी तुरुंगात कशाला जायचे, असे म्हणणारे तेव्हाही असतील. त्याच देशाच्या १८६० च्या शिरगणतीत गुलामांची यादी वेगळी होती. तीत मालकाचे नाव असे आणि त्याखाली प्रत्येक गुलामाचे वय, लिंग व वर्ण. गुलामाच्या नावासाठी रकानाच नव्हता. हिशेबाला त्याची गरज नव्हती. त्या यादीपासून हॅमिल्टनबाईंच्या साक्षीपर्यंत एक शतक लोटले होते, आणि गोऱ्यांच्या न्यायालयाची जीभ अजून 'मिस' उच्चारायला तयार नव्हती.

आता महाराष्ट्रातील आडनावांकडे वळावे. कुळकर्णी, देशपांडे, देशमुख, पाटील ही नावे कोण्या पूर्वजाच्या गुणांची नाहीत; ती महसूल वसुलीच्या यंत्रणेतील हुद्द्यांची आहेत. हुद्दा वंशपरंपरेने चाले, त्याला इनाम जमीन आणि मानपान जोडलेला असे, आणि त्या साऱ्याला मिळून वतन म्हणत. महारवतन हेही वतनच. फरक इतकाच की त्यात मानाऐवजी वेठ होती. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात त्याविरुद्ध विधेयक आणले. स्वातंत्र्यानंतर परगणा व कुळकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली, कनिष्ठ गावकामगारांची वतने १९५८ च्या कायद्याने, आणि मुलकी पाटलाचे पद १९६२ च्या कायद्याने. कागदोपत्री गावगाड्याचा हिशेब मिटला. परंतु हुद्दा, इनाम आणि वसुलीचा अधिकार काढून घेतल्यावरही वतनाचा जो भाग उरला, तो म्हणजे आडनाव. ते आजही वारसाहक्काने चालते, त्यावर वारसा कर नाही, कमाल धारणेची मर्यादा नाही, आणि त्याचे उत्पन्न दरवर्षी मिळत राहते. ज्याच्या वाट्याला वेठीचे वतन आले त्याला मात्र उत्पन्नाऐवजी दरवर्षी दंड भरावा लागतो.

ही अलंकारिक भाषा नाही. सुखदेव थोरात आणि पॉल अटवेल या अभ्यासकांनी २००७ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग अर्थशास्त्राच्या प्रत्येक विद्यार्थ्याला माहीत असायला हवा. त्यांनी खाजगी क्षेत्रातील नोकऱ्यांच्या ५४८ जाहिरातींना ४,८०८ अर्ज पाठविले. शिक्षण, पात्रता, अर्जाची भाषा, सारे तोलूनमापून सारखे. फरक फक्त नावाचा. एक नाव उच्चवर्णीय हिंदू, एक दलित, एक मुसलमान असल्याचे ओळखू येणारे. उच्चवर्णीय नावाला पुढच्या टप्प्याचे बोलावणे येण्याचे जे शक्यता-गुणोत्तर, ते एक मानले तर दलित नावासाठी ०.६७ भरले आणि मुसलमान नावासाठी ०.३३. माणूस कोणी पाहिला नव्हता. आवाज कोणी ऐकला नव्हता. मालकाने जे वाचले आणि बाजूला टाकले ते फक्त नाव होते.

यावर बाजारपूजक अर्थशास्त्रज्ञांचे उत्तर तयार असते. मालकाजवळ उमेदवाराविषयी पुरेशी माहिती नसते, माहिती मिळविण्याला खर्च येतो, म्हणून तो नावासारख्या फुकट खुणेवरून अंदाज बांधतो. यात द्वेष नाही, व्यवहार आहे. उमेदवाराची गुणवत्ता ठळक दिसू लागली की हा भेद आपोआप विरेल. हा युक्तिवाद ऐकायला निरागस वाटतो. पण अमेरिकेत मारियान बर्ट्रँड आणि सेंधिल मुल्लैनाथन यांनी असाच प्रयोग करून २००४ साली जे निष्कर्ष मांडले त्यांत त्याची वाताहत झालेली आहे. सारख्याच अर्जांवर गोऱ्या वळणाच्या नावांना काळ्या वळणाच्या नावांपेक्षा सुमारे ५० टक्के अधिक बोलावणी आली, हे तर झालेच. त्याहून बोलका भाग पुढे आहे: अर्जातील गुणवत्ता वाढविली तेव्हा गोऱ्या नावाला तिचा भरघोस मोबदला मिळाला, काळ्या नावाला फारच थोडा. म्हणजे ज्याच्या नावावर खोट लिहिलेली आहे त्याने अधिक शिकावे, अधिक राबावे, हा उपदेश बाजारच हाणून पाडतो. माहिती पुढे ठेवली तरी मालक ती वाचत नाही. त्याचे वाचन नावापाशी थांबलेले असते.

नाव बदलून यातून सुटता येईल काय? महाराष्ट्रात हा प्रयत्न मोठ्या उमेदीने आणि मोठ्या संख्येने झालेला आहे. १९५६ साली नागपूरला धर्मांतर झाल्यानंतर दोन पिढ्यांत घराघरांतून दगडू आणि भिकू जाऊन सिद्धार्थ, मिलिंद, राहुल, यशोधरा, प्रज्ञा आले. मनूच्या दंडकाला एवढे सणसणीत उत्तर दुसऱ्या कोणी दिलेले नाही. पोटच्या मुलाला चांगले नाव ठेवणे हा तेथे बंडाचा प्रकार होता, आणि नामकोशाची पाने उलटणाऱ्या सुखवस्तू जोडप्याला त्या बंडाची किंमत कधी कळणार नाही. आणखी एक उपाय सुचविला जातो तो आडनाव टाकण्याचा. पेरियार रामस्वामींच्या स्वाभिमान चळवळीने फेब्रुवारी १९२९ मध्ये चेंगलपट्टू येथील परिषदेत जातिवाचक पदव्या टाकण्याचा ठराव केला आणि तमिळ समाजाने तो पुष्कळ प्रमाणात अंमलात आणला. बिहारमध्ये १९७४ च्या आंदोलनात जयप्रकाशांच्या अनेक तरुण अनुयायांनी आडनावे सोडली. या दोन्ही गोष्टी आदरास पात्र आहेत. परंतु त्यांच्यावर विसंबून राहता येत नाही. तमिळनाडूत आडनाव गेले आणि शाळकरी मुलांच्या मनगटावर जातीच्या रंगाचे दोरे आले. २०२४ साली न्यायमूर्ती चंद्रू समितीला शाळांतून या दोऱ्यांवर बंदी घालण्याची शिफारस करावी लागली.

जपानचा दाखला तर अधिक बोधक आहे. तेथे सामान्य जनतेला आडनाव लावण्याची मुभा १८७० साली मिळाली आणि १८७५ साली त्याची सक्ती झाली. दरम्यान १८७१ साली अस्पृश्य मानल्या गेलेल्या समूहांना कायद्याने मुक्त करण्यात आले. कायद्याच्या दृष्टीने सारे समान, चेहरेमोहरे तेच, भाषा तीच, आणि आता आडनावेही सर्वांना. भेद करायचा कशावरून? त्यावर बाजाराने उपाय शोधला. पूर्वाश्रमीच्या अस्पृश्यांच्या, म्हणजे बुराकु समाजाच्या, वस्त्या कोणकोणत्या गावी आहेत त्यांच्या याद्या गुपचूप छापून विकल्या जात असल्याचे १९७५ साली उघडकीस आले. गिऱ्हाईक कोण? भरती करण्यापूर्वी उमेदवाराचे मूळ गाव ताडून पाहणाऱ्या मोठमोठ्या कंपन्या. ज्या भांडवलशाहीविषयी सांगितले जाते की ती सरंजामी भेद आपोआप वितळवून टाकते, तिने हे भेद वितळविले नाहीत. त्यांची यादी करून तिला किंमत लावली. आपल्याकडे 'पूर्ण नाव सांगा', 'मूळ गाव कोणते', 'पाहुणे कुठले' हे तीन प्रश्न ओळीने विचारण्याची पद्धत असल्याने यादी विकत घेण्याचा खर्चही पडत नाही. आणि हेही स्पष्ट बोलले पाहिजे की आडनाव टाकून नुसत्या नावाने मिरवण्याची चैन सर्वांना सारखी परवडत नाही. ज्याच्या घरात तीन पिढ्यांचे शिक्षण, शहरातले घर आणि ओळखीपाळखी आहेत त्याने आडनाव टाकले तरी वतनाचे उत्पन्न चालूच राहते.

मग शासनानेच नावे ठरवावीत काय? हा मोह धोक्याचा आहे, आणि त्याचा इतिहास काळा आहे. फिलिपाइन्समध्ये स्पॅनिश गव्हर्नर क्लावेरिया याने २१ नोव्हेंबर १८४९ रोजी फर्मान काढून साठ हजारांवर आडनावांची वर्णानुक्रमे छापलेली यादी प्रांतोप्रांती पाठविली. कर आणि वेठ यांचा हिशेब चोख ठेवणे हा हेतू. काही भागांत एकेका गावाला यादीतील एकेका अक्षराची पाने वाटून देण्यात आली, आणि गावची गावे एकाच अक्षराच्या आडनावांनी ओळखली जाऊ लागली. कॅनडाच्या सरकारने तर १९४१ पासून उत्तर ध्रुवाकडील इन्युइट लोकांना क्रमांक कोरलेल्या चकत्या वाटल्या आणि जवळ बाळगायला लावल्या. मृत आप्ताचे नाव नवजात अर्भकाला देऊन त्याला पुन्हा घरात आणणाऱ्या त्या लोकांची नावे साहेबाच्या टाकाला जड जात होती.

साम्राज्यशाहीकडे बोट दाखवून समाजवाद्यांना थांबता येणार नाही. १९८४-८५ च्या हिवाळ्यात बल्गेरियातील झिवकोव्ह सरकारने, जे स्वतःला समाजवादी म्हणवीत होते, तेथील आठ लाखांवर तुर्क नागरिकांची नावे सक्तीने बदलून बल्गेरियन केली. गावांना पोलिसांनी आणि सैन्याने वेढा द्यायचा, घरटी एकाने येऊन यादीतील नवे नाव निवडायचे, सही करायची. नोंदवह्यांतून मेलेल्यांचीही नावे बदलली. या प्रकाराला 'पुनरुज्जीवन' असे गोंडस नाव दिले होते. म्हणजे या कारस्थानाचे बारसेसुद्धा सरकारनेच केले. १९८९ च्या उन्हाळ्यात तीन लाखांहून अधिक माणसे घरदार टाकून तुर्कस्तानात गेली. राजवट कोसळल्यावर १९९० साली जुनी नावे परत घेण्याची कायदेशीर वाट मोकळी झाली आणि २०१२ साली तेथील संसदेने या कृत्याचा निषेध केला. ज्यांचे राजकारणच शोषितांना माणूस म्हणून ओळख मिळवून देण्याचे, त्यांच्या झेंड्याखाली हे घडले. त्याचा उच्चार टाळणाऱ्याला मनुस्मृतीवर बोलण्याचा अधिकार राहत नाही.

तेव्हा शासनाचे काम नाव ठरविण्याचे नाही. नावाचे वतन निरुपयोगी करण्याचे आहे. उत्तर आयर्लंडमध्ये माणसाच्या नावावरून आणि शाळेवरून तो कॅथलिक की प्रॉटेस्टंट हे मालक ओळखत आणि कॅथलिकांना दारातूनच परत लावीत. १९८९ च्या कायद्याने तेथे मालकांवर आपल्या कामगारांची समाजवार नोंद ठेवून दरवर्षी विवरण सादर करण्याची सक्ती आली. उपदेश केला नाही, हिशेब मागितला. भारतात संविधानाचे सोळावे कलम सरकारी नोकरीपुरते आहे. भरती करताना जात-धर्म पाहू नको, असे खाजगी मालकाला बजावणारा सर्वंकष कायदा नाही. किती अर्ज आले, कोणत्या समाजाचे आले, त्यांतील किती बोलावले, किती घेतले, याचे विवरण प्रत्येक मोठ्या कंपनीने ताळेबंदाबरोबर छापलेच पाहिजे. पहिल्या चाळणीत अर्जावरील नाव झाकलेच पाहिजे. आणि खाजगी क्षेत्रातील आरक्षणाची चर्चा 'गुणवत्ते'च्या नावाखाली टाळणाऱ्यांना ४,८०८ अर्जांचे काय झाले याचे उत्तर द्यावे लागले पाहिजे.

राहता राहिला घरातला मालक. मराठी बारशात नाव ठेवण्याचा मान आत्याचा. म्हणजे स्त्रीला नाव ठेवता येते, पण ते बापाच्या घराण्याची लेक म्हणून. जिने नऊ महिने वाहिले तिचे नाव मुलाच्या नावात कोठे नाही. लग्नात वराने ताटातल्या तांदळावर अंगठीने वधूचे नवे नाव लिहायचे, आणि वीस-पंचवीस वर्षे जे नाव तिचे होते ते त्या दिवसापासून माहेरच्यांच्या जिभेवर तेवढे उरायचे. असे करण्याची कोणत्याही भारतीय कायद्याची सक्ती नाही. जपानमध्ये तशी कायद्याची सक्ती आहे, पतिपत्नींचे आडनाव एकच असले पाहिजे. नवऱ्याचे की बायकोचे हे कायदा सांगत नाही, तरी सुमारे ९५ टक्के जोडप्यांत बदलते ते बायकोचेच, आणि तेथील सर्वोच्च न्यायालयाने २०१५ व २०२१ साली हा कायदा उचलून धरला. आपल्याकडे कायद्याविनाच हे काम भागते.

महाराष्ट्र शासनाने मार्च २०२४ मध्ये निर्णय घेतला की १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांवर मुलाचे नाव, मग आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि आडनाव असा क्रम राहील. निर्णय चांगला आहे, आणि त्याचे स्वागत करण्यात कोणी कंजूषपणा करू नये. पण आईला जागा मिळाली ती मधली. सातबाऱ्याच्या इतर हक्कांत नाव लागावे तशी. मालकीचा रकाना, म्हणजे आडनाव, बापाकडेच राहिला. विवाहित स्त्रीसाठी तर स्वतःचे नाव, नवऱ्याचे नाव आणि आडनाव हा जुनाच क्रम त्या निर्णयात कायम ठेवला आहे. जे सरकार दोन ओळींच्या आदेशाने आईला कागदावर आणू शकते ते आणखी एका ओळीने आडनावाचा रकाना ऐच्छिकही करू शकते. आईसलंडमध्ये मुलाच्या नावापुढे बापाचे किंवा आईचे पहिले नाव लावतात, बहुसंख्य लोकांना कुळाचे आडनावच नाही, दूरध्वनीची यादीदेखील पहिल्या नावाच्या क्रमाने छापली जाई; तरी तेथील कर वसूल होतात आणि निवृत्तिवेतनही योग्य माणसाला पोचते. महाराष्ट्रात तर आता प्रत्येक नागरिकाला बारा आकडी आधार क्रमांक देऊन ठेवलेला आहे. नोंदीसाठी आडनाव हवेच, ही सबब त्या दिवशीच संपली. रकाना ऐच्छिक करावा. ज्याला आईचे नाव लावायचे त्याने आईचे लावावे, ज्याला गावाचे लावायचे त्याने गावाचे, आणि ज्याला तो कोरा ठेवायचा असेल त्याचा अर्ज अपूर्ण म्हणून कोणत्याही कारकुनाने परत करू नये.